दृष्टी गेल्यानंतरची २६ वर्षं

१७ सप्टेंबर १८५८ चा दिवस. इंग्लंडच्या दक्षिण भागातल्या सॉल्सबरी गावाजवळ हार्नहॅम नावाची टेकडी आहे. वर उभं राहिलं की खाली नदीकाठची कुरणं आणि गावातल्या कॅथेड्रलचा उंच मनोरा दिसतो. पंचवीस वर्षांचा हेन्री फॉसेट त्या दिवशी वडिलांबरोबर तितरांच्या शिकारीसाठी या टेकडीवर गेला होता. वडिलांच्या एका डोळ्यात मोतीबिंदू धरू लागला होता. हेन्री चालता चालता थोडा पुढे गेला. एवढ्यात एक तितर उडालं आणि वडिलांनी बंदूक चालवली. मुलगा नेमका कुठे उभा आहे, हे त्यांच्या ध्यानात आलं नाही.

बंदुकीतून सुटलेले बरेचसे छर्रे हेन्रीच्या छातीवर आदळले, पण जाड कोटामुळे फारशी इजा झाली नाही. दोन छर्रे मात्र वर गेले. उन्हाचा त्रास नको म्हणून त्यानं रंगीत काचांचा चष्मा लावला होता. दोन्ही काचांना एकेक भोक पाडून एकेक छर्रा एकेका डोळ्यात घुसला. दृष्टी त्याच क्षणी गेली आणि पुन्हा आली नाही.

गाडीत घालून त्याला घरी आणलं. घरात पाऊल टाकल्यावर त्यानं बहिणीला, मारियाला, पहिली विनंती केली ती वर्तमानपत्र वाचून दाखवण्याची.

हा माणूस त्यानंतर २६ वर्षं जगला. केंब्रिज विद्यापीठात अर्थशास्त्राचा प्राध्यापक झाला, ब्रिटिश संसदेत निवडून गेला, टपाल खात्याचा मंत्री झाला. भारताच्या तिजोरीतल्या पैशांचा हिशेब त्यानं संसदेत इतक्या चिकाटीनं मागितला, की त्याला भारताचा खासदार म्हणू लागले. अशा आयुष्याकडे पाहून आपण सहज म्हणतो, की देवानं डोळे नेले पण बाकीची इंद्रियं दुप्पट तेज केली. हे खरं आहे का? फॉसेटच्या आयुष्यात याचं उत्तर बरंच स्पष्ट दिसतं आणि ते चमत्कारापेक्षा अधिक उपयोगी आहे.

आधीचा हेन्री

हेन्रीचा जन्म २६ ऑगस्ट १८३३ चा. वडिलांचं सॉल्सबरीत कापडाचं दुकान होतं, पुढे ते शेतीकडे वळले. ते गावचे महापौरही होते. मुलगा केंब्रिजला गणित शिकला आणि १८५६ मध्ये तिथल्या अवघड गणित परीक्षेत सातवा आला. ट्रिनिटी हॉल या कॉलेजची फेलोशिप मिळाली. बॅरिस्टर व्हायचं, पैसा व नाव कमवायचं आणि मग संसदेत जायचं, असा बेत होता. सहा फुटांहून उंच, खणखणीत आवाजाचा आणि चालण्याची, वल्ही मारण्याची, मासे पकडण्याची हौस असलेला हा तरुण होता.

अपघाताच्या आदल्या वर्षी त्याच्या डोळ्यांनी कुरकूर सुरू केली होती. डॉक्टरांनी वाचन बंद करून विश्रांती घ्यायला सांगितलं. डोळे जपण्यासाठी त्यानं वर्षभर पुस्तकं बाजूला ठेवली. टेकडीवर तो गेला तो याच जपणुकीच्या काळात.

त्या काळच्या वैद्यकाच्या हाती फारसं काही नव्हतं. डोळ्याच्या आत पाहण्याचं उपकरण, ऑफ्थॅल्मोस्कोप, १८५१ मध्ये हेल्महोल्ट्झनं बनवलं होतं. भूल देण्याची सोय होती. पण छर्रा नेमका कुठे आहे हे दाखवणारे एक्स-रे अजून ३७ वर्षं दूर होते, प्रतिजैविकं त्याहून दूर. डोळ्याच्या आतल्या पोकळीत सूक्ष्म शस्त्रं घालून काम करण्याची शस्त्रक्रिया तर १९७० नंतरची. फॉसेटच्या डोळ्यांवर उपाय झाले, पण त्यांचा उपयोग झाला नाही.

पहिले आठवडे

अपघातानंतर दहा मिनिटांत आपण ठरवून टाकलं, की आयुष्य जमेल तितकं पूर्वीसारखंच जगायचं, असं फॉसेट पुढे सांगत. निश्चय दहा मिनिटांत झाला असेल, पण तो पेलायला वेळ लागला. सांत्वनाची पत्रं येऊ लागली. बहुतेकांत सूर एकच होता: जे झालं ते स्वीकार, आता शांतपणे बस. ही पत्रं वाचून घेताना हेन्री खचत असे.

एक पत्र वेगळं होतं. ते विल्यम हॉपकिन्स या त्याच्या केंब्रिजच्या शिक्षकांचं. केल्विन आणि स्टोक्स यांच्यासारखे शास्त्रज्ञ ज्यांच्या हाताखालून गेले, ते हे हॉपकिन्स. त्यांनी दुःख मान्य केलं आणि लगेच कामाचं बोलायला सुरुवात केली. कोणते विषय कानांनी ऐकून शिकता येतील, डोक्यात मांडता येतील, याचा विचार त्यांनी केला होता. अंध झालेल्या माणसापुढे कुणीतरी पहिल्यांदाच पुढचा अभ्यासक्रम ठेवला. या पत्रानं हेन्रीला उभारी आली, असं त्याचे मित्र सांगत.

त्या घरात जखमी झालेला माणूस एकच नव्हता. वडील आतून मोडून पडले होते. आपल्या हातून हे झालं, हे त्यांना सोसवेना. मुलगा हसतमुख राहत होता, ते बरंचसं वडिलांसाठी. पण त्याचाही वडिलांना त्रासच झाला. मुलानं एकदा तरी तक्रार केली असती तर सोसणं सोपं गेलं असतं, असं ते बोलून दाखवत.

दृष्टी अचानक जाते तेव्हा असंच होतं. ज्याची गेली त्याच्याबरोबर घरातलं आणखी कुणीतरी कोसळतं. आजचे पुनर्वसन तज्ज्ञ म्हणूनच कुटुंबालाही समुपदेशनात सामील करून घेतात.

कानांनी वाचलेला डार्विन

काही महिन्यांत हेन्री केंब्रिजला परतला. सोबतीला एक मुलगा ठेवला, एडवर्ड ब्राउन. तो वाचून दाखवी, लिहून घेई, हात धरून नेई. बॅरिस्टर होण्याचा बेत सोडला, संसदेचा नाही.

बोटांनी वाचायची उठावाची लिपी त्यानं फारशी आपलीशी केली नाही. प्रौढ वयात दृष्टी गेलेल्या अनेकांना ती अवघड जाते. त्याचा मार्ग ऐकण्याचा होता. नजरेनं वाचणारा माणूस मागचं पान उलटून पुन्हा पाहू शकतो. ऐकणाऱ्याला ते सारखं सारखं करता येत नाही. म्हणून ऐकतानाच मुद्द्यांची रचना लावायची, आकडे ओळीनं बसवायचे, ही सवय त्यानं स्वतःला लावली. गणिताचं शिक्षण इथं उपयोगी पडलं.

अपघाताला वर्ष होतं न होतं तोच, सप्टेंबर १८५९ मध्ये, ॲबर्डीनला विज्ञान संमेलनात त्यानं सोन्याच्या नव्या खाणींचा अर्थव्यवस्थेवर काय परिणाम होतो, यावर निबंध मांडला. हातात कागद नाही आणि आकडे मात्र ओळीनं येताहेत, याचं श्रोत्यांना नवल वाटलं.

त्याच वर्षी नोव्हेंबरमध्ये डार्विनचं जीवोत्पत्तीवरचं पुस्तक निघालं. हेन्रीनं ते कानांनी वाचलं. इंग्लंडमध्ये त्यावर वादळ उठलं होतं. पुरावा पुरेसा नाही, हा अंदाज आहे, शास्त्र नव्हे, असा आक्षेप होता. हेन्रीनं १८६० मध्ये एका मासिकात सर्वसामान्य वाचकांसाठी लेख लिहिला आणि १८६१ मध्ये मँचेस्टरच्या विज्ञान संमेलनात डार्विनच्या पद्धतीची बाजू घेतली. डार्विननं त्याला कृतज्ञतेचं पत्र लिहिलं. निरीक्षण उपयोगी पडायचं असेल तर ते कुठल्या तरी मताच्या बाजूचं किंवा विरोधातलं असावं लागतं, हा डार्विनचा प्रसिद्ध विचार त्याच पत्रात आहे. पत्राची तारीख १८ सप्टेंबर १८६१. हार्नहॅमच्या अपघाताला आदल्याच दिवशी तीन वर्षं पूर्ण झाली होती.

१८६३ मध्ये केंब्रिजनं अर्थशास्त्राच्या प्राध्यापकाची जागा या तिशीतल्या अंध माणसाला दिली. त्याच वर्षी त्यांचं अर्थशास्त्राचं पाठ्यपुस्तक आलं, सगळं तोंडी सांगून लिहून घेतलेलं. आता ते प्राध्यापक फॉसेट झाले.

सहावं इंद्रिय असतं का?

अंध व्यक्ती भिंतीजवळ जाताच थबकते, हे पूर्वीपासून लोकांनी पाहिलं होतं. काहीजण सांगत, की चेहऱ्यावर काहीतरी जाणवतं. त्यामुळे अंधांना चेहऱ्यानं दिसतं, अशी समजूत झाली. फॉसेट यांच्या काळात याचं खरं कारण कुणालाच माहीत नव्हतं.

ते १९४४ मध्ये अमेरिकेतल्या कॉर्नेल विद्यापीठात कळलं. कार्ल डॅलनबाख आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी अंध व्यक्तींना आणि डोळ्यांवर पट्टी बांधलेल्या डोळसांना भिंतीकडे चालायला सांगितलं. चेहरा आणि हात जाड कापडानं झाकले तरी त्यांना भिंत कळत होती. कान बंद केले, की ते थेट भिंतीवर आदळत. म्हणजे जाणीव चेहऱ्याची नव्हती, कानांची होती. पावलांचा आवाज भिंतीवर आपटून परत येत होता.

आवाज सेकंदाला सुमारे ३४० मीटर जातो. भिंत दोन मीटरवर असेल तर आवाज जाऊन परत यायला सेकंदाचा साधारण ऐंशीवा भाग लागतो. एवढ्या थोड्या अवधीत वेगळा प्रतिध्वनी ऐकू येत नाही. तो मूळ आवाजात मिसळतो आणि आवाजाचा पोत बदलतो. घरी करून पाहा. डोळे मिटा, तोंडानं सतत श्श असा आवाज काढा आणि एखादं ताट तोंडासमोर हळूहळू जवळ आणा. आवाज बदललेला कळेल. ही क्षमता आपल्याही कानांत आहे, फक्त डोळे असल्यानं तिची गरज पडत नाही. कॉर्नेलच्या प्रयोगात पट्टी बांधलेले डोळस लोकही सरावानं भिंत ओळखायला शिकले.

म्हणजे दृष्टी गेल्यावर कान जास्त हलके आवाज टिपू लागतात, असं नाही. बदलतं ते लक्ष. जो आवाज पूर्वी निव्वळ पार्श्वभूमीचा होता, त्यातून आता माहिती काढली जाते. स्पर्शाचंही तसंच. रोज बोटांनी वाचणाऱ्यांची बोटं बारीक फरक ओळखण्यात तरबेज होतात, ती त्या कामाच्या सरावानं.

मेंदूही स्वस्थ बसत नाही. डोळ्यांकडून येणारी माहिती मेंदूच्या मागच्या भागात जाते. डोळे बंद पडले, की या भागाचा रोजचा पुरवठा थांबतो. १९९० नंतरच्या मेंदूच्या चित्रणांत असं दिसलं, की ब्रेल वाचणाऱ्या अंध व्यक्तींमध्ये हाच भाग बोटांच्या स्पर्शानं जागा होतो. जन्मतः किंवा बालपणी दृष्टी गेली असेल तर हा बदल मोठा असतो. प्रौढपणी गेली तर कमी, पण होतो. बॉस्टनमध्ये डोळस प्रौढांना पाच दिवस डोळ्यांवर पट्टी बांधून ब्रेल शिकवलं, तेव्हा तेवढ्या काळातही दृष्टीचं केंद्र स्पर्शाला प्रतिसाद देऊ लागलं. पट्टी काढल्यावर दिवसभरात तो प्रतिसाद नाहीसा झाला. आडवाटा मेंदूत आधीपासूनच असतात. त्या वापरात राहिल्या तरच रुळतात.

बर्फ, वल्ही आणि गळ

फॉसेट यांनी या वाटा भरपूर वापरल्या. पूर्वी जे जे करत होते ते पुन्हा करायचं, हा त्यांचा नियम होता. मित्राबरोबर लांब पल्ल्याचं चालणं रोजचं. केंब्रिजमध्ये ज्येष्ठांच्या एका नावेत ते वल्ही मारत. घोड्यावर बसून रपेटीला जात. हिवाळ्यात केंब्रिजच्या उत्तरेकडचा दलदलीचा प्रदेश गोठला, की सोबत्यांबरोबर मैलोन् मैल स्केटिंग करत. खुणा केलेल्या पत्त्यांनी खेळत. गळ टाकून मासे पकडणं तर आवडीचं. ट्राउट किंवा सामन मासा गळाला लागला की दोरीतून हाताला कळतं, त्याला डोळे लागत नाहीत.

डोळे नसताना बर्फावर तोल कसा राहतो? तोल सांभाळायला शरीराकडे तीन साधनं असतात. एक डोळे, दुसरं आतल्या कानातली तोलाची यंत्रणा आणि तिसरं पाय, सांधे व स्नायू यांच्याकडून येणारी जाणीव. डोळे मिटून एका पायावर उभे राहा, काही सेकंदांत डुलू लागाल. म्हणजे आपण डोळ्यांवर किती टेकलेलो असतो ते कळेल. डोळ्यांचा आधार गेला, की बाकीच्या दोघांना जास्त काम करावं लागतं आणि ती ते करायला शिकतात. पण त्यासाठी शरीर हलतं राहायला हवं. दृष्टी गेलेल्या माणसाला पडण्याच्या भीतीनं खुर्चीत बसवून ठेवलं, तर तोलही जातो, स्नायूही जातात आणि झोप बिघडते. जपण्याच्या नादात घरचे लोक नेमकं हेच करतात.

निसर्गाचं वेडही त्यांनी सोडलं नाही. सुंदर जागी गेलं, की समोर काय दिसतंय ते मित्रांनी सांगायचं. पंचवीस वर्षं पाहिलेलं जग आठवणीत होतं, त्यावर वर्णनानं रंग चढत. भेटल्यावर डोळस माणसांसारखंच, बरं झालं तुला पाहिलं, अशा अर्थाचं ते सहज बोलत. लोक अवघडत, ते नाही.

कागदाविना खासदार

संसदेची वाट सोपी नव्हती. अंध माणूस सभागृहात काय करणार, ही शंका पहिल्या निवडणुकीपासून मतदारांसमोर ठेवली गेली. काही पराभवांनंतर १८६५ मध्ये ते ब्रायटनमधून निवडून आले. समोरच्या बाकावर कोण काय चेहरा करतंय ते त्यांना दिसत नव्हतं, पण आवाज त्यांना नीट कळत. भाषणात कागद नसे. लांबलचक आकडे पाठ असत.

याच आकड्यांनी त्यांचा भारताशी संबंध जुळला. १८६७ मध्ये तुर्कस्तानच्या सुलतानासाठी लंडनमध्ये मोठी मेजवानी आणि नृत्यसमारंभ झाला. त्याचा खर्च भारताच्या महसुलातून केला गेला. फॉसेट यांनी यावर हरकत घेतली. ज्या रयतेला हा समारंभ ठाऊकही नाही, तिनं त्याचे पैसे का भरायचे, हा त्यांचा मुद्दा होता. भारताच्या अंदाजपत्रकाच्या चर्चेला तेव्हा ब्रिटिश संसदेत फारसं कुणी थांबत नसे. हे थांबत आणि कानांनी वाचलेल्या जमाखर्चावर प्रश्न विचारत. भारताच्या वित्तव्यवस्थेची चौकशी करणाऱ्या संसदीय समितीत ते होते. त्याच समितीपुढे १८७३ मध्ये दादाभाई नौरोजी आणि मुंबईचे नौरोजी फर्दुनजी यांनी साक्ष दिली. १८७४ मध्ये फॉसेट ब्रायटनला पडले, तेव्हा त्यांच्या निवडणूक खर्चासाठी भारतातून वर्गणी गेली. लवकरच ते लंडनच्या हॅकनी मतदारसंघातून पुन्हा निवडून आले.

उसने डोळे

हे सगळं एकट्याचं नव्हतं आणि फॉसेट यांनीही तसं भासवलं नाही. १८६७ मध्ये त्यांचं लग्न मिलिसेंट गॅरेट यांच्याशी झालं. त्या तेव्हा १९ वर्षांच्या होत्या. ब्रिटनमधल्या पहिल्या स्त्री डॉक्टरांपैकी एक असलेल्या एलिझाबेथ गॅरेट अँडरसन या त्यांच्या थोरल्या बहीण. मिलिसेंट यांनी सुरुवातीची काही वर्षं नवऱ्याच्या सचिवाचं काम केलं. वर्तमानपत्रं, सरकारी अहवाल, पत्रं वाचून दाखवली. त्यातून त्यांचंही राजकारणाचं शिक्षण झालं. १८७० मध्ये त्यांनी अर्थशास्त्रावर स्वतःचं पुस्तक लिहिलं आणि पुढे ब्रिटनमधल्या स्त्रियांच्या मताधिकाराच्या चळवळीचं नेतृत्व केलं. मुलगी फिलिपा १८९० मध्ये केंब्रिजच्या त्याच गणित परीक्षेत पहिल्या आलेल्या मुलापेक्षाही वर राहिली. ते पाहायला वडील नव्हते.

१८८० मध्ये ग्लॅडस्टन यांच्या सरकारात फॉसेट टपाल खात्याचे मंत्री झाले. साध्या लोकांना पैसे पाठवता यावेत म्हणून पोस्टल ऑर्डर, पेनीची तिकिटं चिकटवून बचत करण्याची सोय, १८८३ मध्ये सुरू झालेली पार्सल सेवा ही त्यांच्या कारकिर्दीतली कामं. खात्यात स्त्रियांना नोकऱ्या मिळाव्यात यासाठी त्यांनी वाटा मोकळ्या केल्या आणि स्त्री कर्मचाऱ्यांसाठी स्त्री डॉक्टरही नेमली.

१८८२ च्या अखेरीस घटसर्प आणि विषमज्वर यांनी एकदमच गाठलं. त्यातून ते वाचले, पण तब्येत पूर्वीची राहिली नाही. ६ नोव्हेंबर १८८४ रोजी केंब्रिजमध्ये छातीच्या आजारानं त्यांचं निधन झालं. वय ५१.

अंधांच्या शिक्षणाविषयी ते बोलत, तेव्हा त्यांचा आग्रह एकाच गोष्टीवर असे. अंधांना वेगळ्या भिंतींच्या आत ठेवू नका, डोळसांमध्ये राहू द्या, काम करू द्या. मात्र त्यांच्या यशाकडे पाहताना एक गोष्ट विसरून चालणार नाही. त्यांच्याकडे फेलोशिपचं उत्पन्न होतं, वाचून दाखवायला माणूस होता, शिकलेले मित्र होते. त्याच काळात डोळे गमावलेल्या खाणमजुराकडे यातलं काहीच नव्हतं. जिद्द त्याच्याकडेही असेल. म्हणून पुनर्वसन ही एखाद्याच्या धैर्याची परीक्षा समजू नये, ती सोय असायला हवी.

आपल्या घरात असं झालं तर

पहिली गोष्ट डोळा वाचवण्याची. फटाका, धनुष्यबाण, विटी, दगडाचा कपचा, वेल्डिंगची ठिणगी, तारेचं टोक, यांपैकी काहीही डोळ्यात घुसलं असेल तर डोळा चोळू नका, दाबू नका, धुऊ नका आणि रुतलेली वस्तू ओढून काढू नका. कागदी पेल्याचा तळ कापून तो डोळ्याला न टेकता कडेच्या हाडावर बसेल असा झाका आणि लगेच नेत्ररुग्णालय गाठा. रसायन किंवा चुना गेला असेल तर मात्र उलट करायचं: त्याच क्षणी भरपूर स्वच्छ पाण्यानं धुवायला लागा आणि मग दवाखान्यात न्या. दुखत नसताना एकाएकी दिसेनासं झालं, डोळ्यापुढे पडदा आल्यासारखं वाटलं, वीज चमकल्यासारखे झोत किंवा काळ्या ठिपक्यांचा पाऊस दिसला, तरी दुसऱ्या दिवसाची वाट पाहू नका. दृष्टिपटल सुटणं किंवा त्याची रक्तवाहिनी बंद होणं, यात तासांना किंमत असते.

आणि दृष्टी वाचली नाही, तर शिकणं लवकर सुरू करा. पांढऱ्या काठीनं चालण्याचं शास्त्रशुद्ध प्रशिक्षण मिळतं. मोबाइल आणि संगणक पडद्यावरचा मजकूर मराठीतही वाचून दाखवतात. फॉसेट यांना जे काम माणूस ठेवून करून घ्यावं लागलं, त्यातलं बरंचसं आज खिशातल्या फोनवर होतं. महिन्यांमागून महिने उदास वाटत राहिलं, झोप उडाली, जगणं नको वाटलं, तर मनोविकारतज्ज्ञांची मदत घ्या. नुकतीच दृष्टी गेलेल्या माणसाला असं वाटणं स्वाभाविक आहे आणि त्यावर उपचार आहेत.

घरच्यांनी चार गोष्टी सांभाळाव्यात. खोलीत आलात की नाव सांगा, जाताना जातोय म्हणून सांगा. हात धरून ओढू नका, आपलं कोपर पुढे करा आणि त्यांना धरू द्या. दारं पूर्ण उघडी किंवा पूर्ण बंद ठेवा, कारण अर्धवट उघडं दार कपाळाला लागतं. वस्तूंच्या जागा न विचारता बदलू नका. चहा ओतून देण्याआधी विचारा, कदाचित त्यांना स्वतः ओतायचा असेल. सांडला तर पुसता येतो.

आणि अशा घरात भेटायला जाल, तेव्हा काय बोलावं ते सुचलं नाही, तर नशिबाच्या गोष्टी काढू नका. टेबलावरचं वर्तमानपत्र घ्या आणि मोठ्यानं वाचायला लागा.